‘जतन’ आणि ठिकाण : संगणकीय खेळांच्या स्थाननिर्देशाची मराठी भाषा

नाटे हे गाव कोठे आहे, या प्रश्नाचे उत्तर मराठीत दोन क्रमांनी देता येते. पाकिटावर ‘मु. पो. नाटे, तालुका राजापूर, जिल्हा रत्नागिरी’ असे लिहितात. या क्रमात लहान स्थळ आधी येते आणि मोठे नंतर. तेच बोलण्याच्या ओघात सांगावयाचे झाल्यास ‘रत्नागिरी जिल्ह्यातील राजापूर तालुक्यातील नाटे’ अशी रचना होते. येथे मोठे स्थळ आधी येऊन दृष्टी क्रमाक्रमाने लहान स्थळावर स्थिरावते. पहिली रचना ही याद्या मांडण्याची रीत होय. दुसरी मराठी वाक्याच्या स्वभावातून निघालेली आहे. हा भेद वरवर पाहता क्षुल्लक वाटतो. परंतु संगणकीय खेळाची साठवण कोणत्या यंत्रात कोठे असते, हे मराठीत सांगण्याचा प्रश्न उपस्थित होताच तो महत्त्वाचा ठरतो.

असा प्रश्न विद्यापीठीय अभ्यासाच्या कक्षेत येतो काय, अशी शंका घेतली जाणे स्वाभाविक आहे. तथापि ज्या प्रसंगी भाषेतील एका शब्दावर विसंबून मनुष्य आपल्या अनेक महिन्यांच्या श्रमास मुकतो, तो प्रसंग भाषाभ्यासकास उपेक्षणीय मानता येणार नाही. नाट्यातील एखाद्या शाळकरी मुलाने हातातील फोनवर ‘माइनक्राफ्ट’ या खेळात वर्षभर खपून एक जग उभारावे, फोनमध्ये जागा उरली नाही म्हणून खेळ काढून टाकावा, आणि पुन्हा बसविल्यावर ते जग नाहीसे झालेले दिसावे, हे सहज घडू शकते. यंत्राने त्यास ‘जतन झाले’ असेच सांगितलेले असते. यंत्र खोटे बोलले असे म्हणता येत नाही. पण मुलाने त्या शब्दाचा जो अर्थ घेतला तोही चुकीचा नव्हता. दोष कोठे आहे, हे पाहणे अगत्याचे आहे.

प्रथम वस्तुस्थिती पाहिली पाहिजे. खेळाच्या साठवणीचे निदान दोन भाग असतात. एक खुद्द खेळ, म्हणजे त्याचा कार्यक्रम, चित्रे आणि ध्वनी. दुसरा, खेळणाऱ्याने त्यात जे कमावले त्याची नोंद. हे दोन्ही भाग बहुधा एका जागी नसतात. विंडोज प्रणालीत ‘स्टीम’ या दुकानातून घेतलेला खेळ स्टीमच्या संग्रहातील ‘स्टीमॲप्स’मधील ‘कॉमन’ या फोल्डरात बसतो. खेळणाऱ्याची नोंद मात्र अनेकदा त्याच्या स्वतःच्या खात्यातील ‘ॲपडेटा’ या झाकलेल्या फोल्डरात जाते. त्यातही तीन दालने आहेत : ‘लोकल’, ‘लोकललो’ आणि ‘रोमिंग’. अन्रिअल या इंजिनावर रचलेले खेळ सामान्यतः ‘लोकल’मध्ये नोंद ठेवतात, युनिटी इंजिनाने नेमून दिलेली जागा ‘लोकललो’मध्ये, निर्मात्याच्या आणि खेळाच्या नावाखाली असते, माइनक्राफ्टच्या जावा आवृत्तीची जगे ‘रोमिंग’मध्ये आढळतात. म्हणजे नोंद कोठे सापडेल हे खेळाच्या कथेवर वा प्रकारावर अवलंबून नसून तो कोणत्या हत्याराने घडविला यावर बव्हंशी अवलंबून असते. मॅकमध्ये हाच भाग खात्यातील ‘लायब्ररी’मधील ‘ॲप्लिकेशन सपोर्ट’ येथे असतो, आणि २०११ पासून ही लायब्ररी दृष्टीआड ठेवलेली आहे. लिनक्समध्ये ज्या नावाच्या आरंभी टिंब असते ते नाव सामान्य यादीत दिसत नाही. तेथील अनेक खेळांच्या नोंदी अशाच टिंबांकित फोल्डरांत असतात.

या नावांपैकी ‘रोमिंग’ हे विशेष लक्षणीय आहे. एका संस्थेच्या अनेक संगणकांपैकी कोणत्याही संगणकावर मनुष्य बसला तरी त्याच्या मागोमाग जावयाची ती सामग्री, असा या नावामागील हेतू. मराठी वाचकास हा शब्द ठाऊक आहे तो परगावी गेल्यावर फोनला पूर्वी लागत असलेल्या आकाराच्या संदर्भात. घरच्या एकाच संगणकावर खेळणाऱ्याची ‘रोमिंग’मधील नोंद कोठेही फिरत नाही, ती जागच्या जागी असते. नाव हेतूचे निदर्शक राहिले, वस्तुस्थितीचे राहिले नाही. अर्थशास्त्रात चलनाची दर्शनी किंमत आणि खरी किंमत यांत अंतर पडते, तसाच हा प्रकार होय.

फोनच्या क्षेत्रात हे अंतर अधिकच वाढते. अँड्रॉइड प्रणालीच्या परिभाषेत ‘अंतर्गत’ आणि ‘बाह्य’ अशा दोन साठवणी मानल्या आहेत. सामान्य मनुष्य ‘बाह्य’ म्हणजे बाहेरून बसविलेले कार्ड असे समजतो. प्रत्यक्षात पुष्कळ फोनांत ही ‘बाह्य’ साठवण फोनच्या पोटातील स्मृतीचाच एक भाग असते. ती बाह्य आहे ती केवळ त्या त्या ॲपच्या खाजगी कप्प्याच्या दृष्टीने. माइनक्राफ्टच्या फोनवरील आवृत्तीत साठवणीचे स्थान निवडण्याची सोय आहे. परंतु २०२० च्या अँड्रॉइड ११ पासून ॲपांच्या परस्परांच्या जागेतील वावरावर निर्बंध आले, आणि या ‘बाह्य’ निवडीतील जगेही ‘अँड्रॉइड’मधील ‘डेटा’मधील त्या खेळाच्या स्वतःच्या फोल्डरात राहू लागली. हा फोल्डर ॲपच्या मालकीचा असतो. ॲप काढले की तोही जातो. ‘बाह्य’ या शब्दावर विश्वासून आपले जग खेळापासून स्वतंत्र आहे असे मानणारा येथे फसतो. आयफोनमध्ये प्रत्येक ॲपला स्वतःची बंदिस्त जागा असते आणि ॲपने मोकळीक दिल्याखेरीज ती ‘फाइल्स’मध्ये दिसत नाही. २०१७ पासून तेथे ॲप काढून त्याची सामग्री मात्र राखण्याची वेगळी सोय आहे; पण ‘काढणे’ या एकाच मराठी क्रियापदाने दोन्ही कृती सांगितल्या, तर त्या सोयीचा उपयोग ज्याला व्हावा त्याच्यापर्यंत ती पोचत नाही.

महाराष्ट्रातच घडलेल्या खेळाचे उदाहरण घेतले असता चित्र पुरे होते. पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्स या संस्थेचा ‘राजी’ हा खेळ ऑगस्ट २०२० मध्ये निन्टेंडोच्या स्विच या यंत्रावर आणि त्याच वर्षीच्या ऑक्टोबरात संगणक, प्लेस्टेशन ४ व एक्सबॉक्स वन यांवर आला. भावाच्या शोधार्थ निघालेल्या मुलीची कथा सर्वत्र तीच आहे. परंतु तिची वाटचाल जेथे नोंदली जाते ते ठिकाण प्रत्येक यंत्रात निराळे आहे. स्विचमध्ये खेळ कार्डावर बसविता येतो, पण प्रगतीची नोंद यंत्राच्या अंतर्गत स्मृतीतच राहते. कार्ड काढून दुसऱ्या यंत्रात घातले तरी ती सोबत जात नाही. तिची प्रत दूरच्या साठ्यात हवी असल्यास वर्गणी भरावी लागते. प्लेस्टेशन ४ वर ती नोंद यूएसबी साधनावर उतरवून घेता येते. पुढील प्लेस्टेशन ५ वर त्या यंत्रासाठीच्या खेळांबाबत ही मुभा उरली नाही. एक्सबॉक्स वन जाळ्यास जोडलेले असताना नोंदीची प्रत आपण होऊन दूरच्या साठ्यात पाठविते. एकच कथा, एकच नायिका आणि इतके भिन्न ‘राखणे’. मराठीत मात्र या सर्वांसाठी ‘जतन’ हा एकच शब्द पुढे केला जातो.

हा शब्द साधा नाही. ‘जतन’ हे संस्कृत ‘यत्न’ शब्दाचे रूप. यत्नाचा, म्हणजे मनुष्याने सतत घेतलेल्या काळजीचा अर्थ त्यात मुरलेला आहे. मोल्सवर्थच्या कोशापासून आजच्या बोलण्यापर्यंत ‘जतन करणे’ म्हणजे जिवापाड राखणे हीच जाण टिकून आहे. बियाणे जतन करतात, जुनी कागदपत्रे जतन करतात. त्यात वस्तू नष्ट होऊ न देण्याची हमी गर्भित असते. संगणकाच्या पडद्यावरील ‘जतन करा’ या आज्ञेत असली हमी मुळीच नाही. त्या क्षणाची स्थिती एका ठरावीक जागी लिहिली गेली, एवढेच ती सांगते. इंग्रजी शब्दातही वाचविण्याचा अर्थ होता. परंतु संगणकीय वापराने तो तेथे झिजला. मराठीत झीज होण्यापूर्वीच, पूर्ण वजनाचा शब्द त्या जागी बसविण्यात आला.

यावर कोणी म्हणेल की, खेळणारी मुले ‘गेम सेव्ह झाला’ असेच म्हणतात, तेव्हा भाषांतराच्या दोषाचा ऊहापोह कशासाठी? या आक्षेपात तथ्य आहे. ‘सेव्ह’ हा उसना शब्द मराठीत पूर्वार्थाचे ओझे घेऊन आलेला नाही, हा त्याचा गुणच मानला पाहिजे. येथील विवेचन शब्दशुद्धीच्या आग्रहातून केलेले नाही. ‘फाइल’ या वस्तूची कथा याबाबतीत बोधप्रद आहे. सरकारी कचेरीत तिला ‘नस्ती’ म्हणतात. संगणकाच्या मराठीत ती कोठे ‘धारिका’ तर कोठे ‘संचिका’ होते. लोक मात्र ‘फाइल’च म्हणतात. तीन पर्याय घडविण्यात जी शक्ती खर्च झाली, तिने नाट्यातील वाचकास ती वस्तू शोधण्यास काडीमात्र साहाय्य केले नाही. परिभाषाकारांनी नामांचा प्रश्न हाच संपूर्ण प्रश्न मानला, ही खरी उणीव. स्थाननिर्देश हा नामांचा नव्हे, तर रचनेचा विषय आहे.

येथे आरंभीच्या दोन क्रमांकडे वळले पाहिजे. संगणकातील मार्ग नेहमी मोठ्याकडून लहानाकडे लिहिला जातो : प्रथम साठवणीचा विभाग, मग खाते, मग दालन, शेवटी फाइल. इंग्रजी वाक्यात ‘अमुक फाइल, अमुक फोल्डरात, अमुक विभागात’ असा उलटा क्रम पडतो. म्हणून इंग्रजी मार्गदर्शनात गद्य आणि मार्ग यांची दिशा परस्परविरुद्ध असते. मराठी षष्ठी आणि ‘-तील’ प्रत्यय यांनी विशेषणे नामापूर्वी येतात. त्यामुळे मराठी वाक्याचा स्वाभाविक क्रम आणि मार्गाचा क्रम एकच आहे. ‘सी विभागातील युजर्समधील आपल्या खात्यातील ॲपडेटातील रोमिंगमधील टिंब-माइनक्राफ्ट’ हे वाक्य दीर्घ असले तरी निर्दोष मराठी आहे, आणि त्यातील प्रत्येक ‘-तील’ मार्गातील एकेका तिरप्या रेघेच्या जागी बसतो. असे असता ‘ती फाइल शोधा जी त्या फोल्डरमध्ये आहे जो त्या ड्राइव्हवर आहे’ या धर्तीची वाक्यरचना मार्गदर्शनात रूढ व्हावी, हे खेदजनक होय. जी सोय भाषेत जन्मतः आहे ती भाषांतराने मोडली.

मार्ग संपूर्ण का सांगावा लागतो, हेही याच परिसरातून दाखविता येते. नाट्यास जैतापूरच्या खाडीलगत यशवंतगड आहे. सिंधुदुर्ग जिल्ह्यातील रेडी येथेही यशवंतगडच आहे. नुसते ‘यशवंतगड’ म्हटल्याने प्रवासी दोन जिल्ह्यांत चुकू शकतो. संगणकात ‘डेटा’, ‘सेव्ह्ड’, ‘कॉन्फिग’ ही नावे अशीच जागोजाग आढळतात. शेवटचे नाव सांगून मागचा मार्ग गाळणारे मार्गदर्शन निरुपयोगी असते. त्याचप्रमाणे झाकलेल्या जागेचा विचार कोकणातील घराच्या रचनेवरून सुलभ होतो. ओटीवरील वस्तू आल्यागेल्याच्या दृष्टीस पडते, माजघरातील पडत नाही. म्हणून माजघर घरात नाही असे कोणी म्हणत नाही. ‘डॉक्युमेंट्स’ ही ओटी, ‘ॲपडेटा’ हे माजघर. फोनमधील ॲपचा खाजगी कप्पा मात्र माजघरही नव्हे. ती भाडेकरूची कुलूपबंद खोली होय. भाडेकरू गेला की खोलीतील सामानही त्याच्याबरोबर जाते.

यास्तव तीन कृतींसाठी तीन स्वतंत्र शब्दप्रयोग स्थिर होणे इष्ट आहे. खेळाची स्थिती लिहिली जाणे ही ‘नोंद’. ती जेथे पडून असते ती ‘ठेव’. दूरच्या साठ्यातील प्रतीसही हाच शब्द शोभतो, कारण ठेव दुसऱ्याच्या हाती असते आणि त्याच्या नियमांनी परत मिळते, हे मराठी मनुष्यास बँकेच्या व्यवहारामुळे पुरते ठाऊक आहे. यंत्र बिघडले वा ॲप काढले तरी टिकेल अशी निराळी प्रत राखणे, त्यासच ‘जतन’ म्हणावे. अशा प्रकारे शब्द वाटून दिले असता ‘नोंद झाली, पण जतन झालेले नाही’ असे वाक्य उच्चारणे शक्य होते. आजच्या संगणकीय मराठीत हे वाक्य आत्मविरोधी ठरते, आणि नेमके हेच वाक्य त्या मुलास खेळ काढण्यापूर्वी कोणी तरी सांगावयास हवे होते.