धम्मवाचनातील पर्यायी शब्द

वर्षावासात आषाढ पौर्णिमेपासून आश्विन पौर्णिमेपर्यंत विहारांतून 'भगवान बुद्ध आणि त्यांचा धम्म' या ग्रंथाचे सामुदायिक वाचन होते. यवतमाळ जिल्ह्यात दिग्रस परिसरातील एका विहारात गेल्या वर्षी आम्ही काही दिवस श्रोते म्हणून बसलो. वाचक उपासक तरुण, वाणी स्वच्छ. मात्र कठीण शब्द आला की ते छापील शब्द गाळून त्याच्या जागी सोपा शब्द घालीत. 'तृष्णा'ऐवजी हाव, 'उपोसथा'ऐवजी उपास, 'निब्बाणा'ऐवजी मोक्ष.

श्रोत्यांच्या बोलीत बोलणे हा दोष नव्हे. यमेळ व तेकुल या भिक्खूंनी बुद्धवचन छंदसात घालण्याची अनुज्ञा मागितली, तेव्हा तथागतांनी ती नाकारली आणि स्वतःच्या बोलीत धम्म शिकण्याची मुभा दिली, असे चुल्लवग्गात आहे. (बुद्धघोषांनी येथे 'स्वतःची बोली' म्हणजे बुद्धांची मागधी असा अर्थ घेतला आहे, आम्हांस तो प्रसंगाला धरून वाटत नाही.) मज्झिमनिकायातील अरणविभंगसुत्तात तर एकाच भांड्याची पाति, पत्त, वित्त, सराव अशी जनपदागणिक नावे देऊन, आपल्याच शब्दाचा हट्ट धरू नये असे सांगितले आहे.

परंतु भांडे डोळ्यांना दिसते. नाव बदलले तरी ते बदलत नाही. निब्बाणाचे तसे नाही. 'मोक्ष' म्हटले की सुटणारा आत्मा गृहीत धरला जातो, आणि धम्म तर अनात्मवादी. बाबासाहेबांनी 1957 साली प्रसिद्ध झालेल्या या ग्रंथाच्या चौथ्या खंडात, शब्दसाम्याखाली मूलभूत भेद कसा दडतो याचेच विवेचन पुनर्जन्म, कर्म, अहिंसा या शब्दांच्या आधारे केले आहे. त्याच ग्रंथाचे वाचन चालू असता एका आजींनी विचारले, "म्हंजे मेल्यावरच भेटते काय ते?" वाचक निरुत्तर झाले. निब्बाण म्हणजे याच जीवनात विकारांवर मिळवलेला ताबा, हे उत्तर वस्तुतः त्यांच्या हातातील पानावरच होते.

'हाव' या शब्दालाही आम्ही प्रथम आक्षेप घेतला. तण्हेत भवतण्हा व विभवतण्हाही येतात; हाव वस्तूंपुरतीच. पण त्या शब्दावर श्रोत्यांनी सावकारापासून हुंड्यापर्यंत जी उदाहरणे दिली, ती ऐकून आक्षेप मागे घ्यावा लागला. अपुरा असला तरी तो शब्द भलत्या दिशेला नेत नाही. 'उपास' नेतो. त्याने साबुदाणा आठवतो, अष्टशील नव्हे.

छापील शब्द आधी वाचावा, मग बोलीतला पर्याय सांगावा, आणि 'मोक्ष' मुळीच वापरू नये, अशी विनंती आम्ही वाचकांस केली. त्यांनी ती मानली व निब्बाणाचा भाग पुन्हा वाचला. त्या दिवशी आजी मात्र सोयाबीनच्या सोंगणीला गेल्या होत्या.