पडद्यावर मुका झालेला जीव

मेरी शेली हिची ‘फ्रँकेन्स्टाइन’ ही कादंबरी ज्यांनी कधी हाती धरलेली नाही, त्यांनाही तिच्यातील ‘राक्षस’ डोळ्यांपुढे आणता येतो. माथ्यावर सपाट असे चौकोनी डोके, जड पापण्या, मानेच्या दोन्ही बाजूंस लोखंडी खुंट्या, आखूड बाह्यांचा काळा कोट आणि अवघडत टाकलेली पावले. ह्यांपैकी काहीही कादंबरीत नाही. हे रूप १९३१ सालच्या बोलपटासाठी युनिव्हर्सल कंपनीचा रंगभूषाकार जॅक पिअर्स ह्याने बोरिस कार्लॉफ ह्या नटाच्या चेहऱ्यावर घडविले, आणि तेव्हापासून ते लोकांच्या स्मरणात असे ठाण मांडून बसले आहे की, मूळ वर्णनच वाचकाला परके वाटावे. कादंबरीतला जीव आठ फूट उंच आहे. त्याचे केस काळेभोर व लांब, दात मोत्यांसारखे. व्हिक्टर फ्रँकेन्स्टाइनने त्याचा एकेक अवयव सुंदर म्हणून निवडलेला आहे. भय उपजते ते ह्या सुंदर अवयवांच्या जोडणीतून, पिवळ्या कातडीखाली दिसणाऱ्या स्नायूंतून आणि निस्तेज, पाणावल्या डोळ्यांतून.

परंतु रूपातला हा फरक त्या मानाने किरकोळ होय. खरा बदल निराळाच आहे. कादंबरीतला हा जीव बोलतो, आणि तिच्यातील इतर कोणत्याही पात्रापेक्षा चांगले बोलतो. पडद्यावर त्याची वाचा गेली. एवढ्या एका गोष्टीने कादंबरीचा अर्थ उलटा झाला, असे प्रस्तुत लेखकास वाटते.

आपल्या मराठी वृत्तपत्रांतून ‘फ्रँकेन्स्टाइन’ आणि ‘भस्मासुर’ हे शब्द एकमेकांचे पर्याय म्हणून बिनदिक्कत वापरले जातात. निर्मात्यावर उलटलेली निर्मिती, एवढाच अर्थ त्यांतून अभिप्रेत असतो. (चित्रपटाच्या बाल्यावस्थेत ही दोन्ही कथानके पडद्यावर आली, हा योगायोग मात्र मौजेचा आहे: १९१० साली एडिसनच्या कंपनीचा ‘फ्रँकेन्स्टाइन’ आणि १९१३ साली दादासाहेब फाळक्यांचा ‘मोहिनी भस्मासुर’.) पण भस्मासुराला शंकराने घडविलेले नव्हते, त्याला वर दिला होता, आणि मिळालेला वर त्याने लगेच वर देणाऱ्यावरच चालवून पाहिला. व्हिक्टरने निर्माण केलेल्या जीवाला वर तर दूरच, साधे नावही मिळत नाही. डोळे उघडताच त्याला काय दिसते, तर आपल्याला पाहून पळत सुटलेला आपला जन्मदाता. भस्मासुराला कैफियत नाही. ह्या जीवाला आहे, आणि ती कैफियत हाच कादंबरीचा गाभा आहे.

१८१६ च्या उन्हाळ्यात जिनिव्हा सरोवराकाठी बायरनने भुताखेतांच्या गोष्टी लिहिण्याची टूम काढली आणि तीतून ही कथा जन्मास आली, ही हकीकत सर्वश्रुत आहे. त्या वेळी मेरीचे वय अठरा वर्षांचे होते आणि १ जानेवारी १८१८ रोजी पुस्तक निघाले तेव्हा त्यावर लेखिकेचे नाव नव्हते, एवढे ध्यानात ठेवले म्हणजे पुरे. अधिक महत्त्वाची आहे ती कादंबरीची घडण. उत्तर ध्रुवाकडे निघालेला वॉल्टन आपल्या बहिणीला पत्रे लिहितो. त्या पत्रांत व्हिक्टरचे निवेदन येते. आणि त्या निवेदनाच्या ऐन मध्यभागी, डबीच्या आत डबी असावी तसे, त्या जीवाचे स्वतःचे निवेदन येते. सहा प्रकरणे तोच बोलतो. वाचकाने आरंभापासून ज्याच्याविषयी फक्त ऐकलेले असते, तोच अकस्मात ‘मी’ म्हणून उभा राहतो.

हे निवेदन सुरू होते तो प्रसंग मुळातूनच वाचावा. माँ ब्लाँच्या परिसरातील हिमनदीवर दोघांची गाठ पडते. व्हिक्टर त्याला शिव्याशाप देतो आणि आपल्या नजरेसमोरून चालता हो म्हणून सांगतो. त्यावर तो जीव काय करतो? पुढे होऊन आपले हात व्हिक्टरच्या डोळ्यांवर धरतो. माझे दर्शन तुला असह्य असेल तर ते मी झाकतो, पण माझे ऐकून तर घे, असा त्याचा भाव. व्हिक्टर ते हात झिडकारतो. पण अखेर ऐकावयास तयार होतो. ह्या एका कृतीत मेरी शेलीने आपला सारा आशय साठविला आहे. डोळा ह्या जीवाचा वैरी आहे. कानापाशीच त्याला थोडीफार आशा आहे.

आणि हे सूत्र ती शेवटपर्यंत सोडीत नाही. कुडाच्या फटीतून ज्या डी लेसी कुटुंबाचा संसार तो महिनोन्‌महिने न्याहाळतो, त्या कुटुंबातला वृद्ध पिता आंधळा आहे. तो एकटा घरात असताना हा जीव आत जातो, आणि त्याच्या आयुष्यात पहिल्यांदाच कोणी त्याच्याशी माणसासारखे बोलते. मग डोळस मुले घरी परततात आणि सारे संपते; फेलिक्स त्याला काठीने बडवून काढतो. अगदी अखेरीस, व्हिक्टरच्या शवापाशी वॉल्टन त्याला पाहतो तेव्हा वॉल्टनचे डोळे आपोआप मिटतात, आणि मिटल्या डोळ्यांनीच तो त्याला थांबावयास सांगतो. त्याचे ऐकण्याची तयारी दाखविणाऱ्या तिघांत एक आंधळा आहे, एकाने डोळे मिटले आहेत आणि एकाच्या डोळ्यांवर त्यानेच हात धरून पाहिले आहेत.

तो भाषा कशी शिकतो, हेही पाहण्यासारखे आहे. सफी नावाची परदेशी युवती त्या कुटुंबात येते. फेलिक्स तिला फ्रेंच शिकवितो, आणि भिंतीपलीकडचा हा न बोलावलेला विद्यार्थी तिच्याहून लवकर तयार होतो. भाषा हाती आली म्हणजे आपला चेहरा लोक विसरतील, ही त्याची समजूत. त्याच कादंबरीत भाषा शिकणारा आणखी एक जण आहे: व्हिक्टरचा मित्र क्लर्व्हल. १८३१ च्या सुधारलेल्या आवृत्तीत तो पौर्वात्य भाषा शिकतो त्या हिंदुस्थानात जाण्याच्या हेतूने, युरोपीय वसाहतींच्या आणि व्यापाराच्या वाढीला हातभार लावता यावा म्हणून. लेखिकेने ही दोन शिक्षणे जाणूनबुजून शेजारी ठेवली असतील की नाही, कोण जाणे. पण आपल्या भागातील वाचकाची नजर तेथे थबकल्याशिवाय राहत नाही. एकाला भाषा हवी ती राज्य पसरण्यासाठी, दुसऱ्याला दारात उभे राहू द्यावे म्हणून.

येथे एक गोष्ट मात्र विसरता कामा नये. हा जीव निरपराध नाही. व्हिक्टरच्या धाकट्या भावाचा गळा त्याने दाबला आहे आणि त्या खुनासाठी निष्पाप जस्टिन फासावर गेली आहे. पुढे क्लर्व्हल आणि एलिझाबेथ ह्यांचेही बळी त्याने घेतले आहेत. त्याच्या वक्तृत्वाला भुलू नकोस, असे व्हिक्टर वॉल्टनला मरणापूर्वी बजावतो. म्हणजे त्याचे बोलणे खरे मानावे की नुसते गोड, हा निर्णय लेखिका आपल्यावर टाकते. बोलणाराच मुका केला की हा निर्णय करण्याचा प्रश्नच उरत नाही.

त्याला मुका करण्याचे पाप एकट्या चित्रपटाच्या माथी मारणे मात्र अन्यायाचे होईल. १८२३ साली लंडनच्या रंगभूमीवर रिचर्ड ब्रिन्स्ली पीक ह्याचे ‘प्रिझम्प्शन’ हे ह्या कादंबरीवरचे नाटक आले, त्यातच तो मुका झाला होता. मूकाभिनय आणि संगीत ह्यांवर त्या काळच्या मेलोड्रामाची मदार असे. त्या रूढीत हे बसून गेले. जाहिरातीत पात्राच्या नावाच्या जागी नुसती रेघ छापली होती. मेरी शेली स्वतः ते नाटक पाहून आली आणि ती रेघ तिला पसंत पडली.

१९३१ चा दिग्दर्शक जेम्स व्हेल ह्यानेही श्रेयनामावलीत नटाच्या नावाऐवजी प्रश्नचिन्ह घातले. परंतु ह्या दोन घटनांत शतकाचे अंतर आहे, आणि त्याहून मोठे अंतर माध्यमाचे. चित्रपटाला नुकतीच वाणी फुटली होती. पडद्यावरचा जो तो बोलत होता. नेमक्या त्याच घडीला, ज्याचे बोलणे हेच ज्याचे सर्वस्व, तो पडद्यावर गुरगुरू लागला. भरीस भर म्हणून त्याच्या डोक्यात गुन्हेगाराचा मेंदू बसविण्यात आला. जन्मदात्याने टाकले म्हणून जो दुष्ट झाला, तो आता मेंदूच्या बरणीची अदलाबदल झाली म्हणून दुष्ट ठरला. जन्मदाता मोकळा झाला. कादंबरीचे ह्याहून मोठे नुकसान दुसऱ्या कशाने झाले असेल, असे वाटत नाही.

आणि तरीही हा चित्रपट थोर आहे. कारण कार्लॉफ. छताचे झडप उघडते, वरून उजेड येतो आणि तो आपले प्रचंड हात त्या उजेडाकडे उचलतो. पाणी ओंजळीत घ्यावे तसा उजेड घेऊ पाहतो. मग झडप मिटते आणि ते हात रिकामेच राहतात. सहा प्रकरणांच्या निवेदनातील निदान एक प्रकरण ह्या दोन हातांनी परत मिळवून दिले आहे. सरोवराकाठचा प्रसंगही तसाच. लहानगी मारिया त्याला फुले देते, दोघे ती पाण्यावर तरंगत सोडतात. फुले संपतात आणि तो तिलाच फुलासारखी पाण्यात टाकतो. कादंबरीत ह्याच्या नेमके उलट घडते: तेथे तो वाहून जाणाऱ्या मुलीला पाण्यातून काढतो आणि बदल्यात बंदुकीची गोळी खातो. विपर्यास केवढा! पण पडद्यावर त्या क्षणी कार्लॉफच्या चेहऱ्यावर जो गोंधळ उमटतो, तो मूळ आशयाशी बेइमान नाही. ह्या प्रसंगाचा शेवट पुढे कापला गेला आणि १९८० च्या दशकात तो पुन्हा जोडण्यात आला. कात्रीचा परिणाम असा की, त्या हातांनी काय केले हे न दिसल्याने प्रेक्षक अधिकच वाईट कल्पना करीत राहिला.

१९३५ च्या ‘ब्राइड ऑफ फ्रँकेन्स्टाइन’मध्ये व्हेलने आंधळ्या वृद्धाला परत आणले. अरण्यातला तो एकाकी संन्यस्त म्हातारा त्याला भाकरी देतो, व्हायोलिन ऐकवितो, ‘मित्र’ हा शब्द शिकवितो. त्या राक्षसाला बोलावयास लावणे कार्लॉफला रुचले नव्हते. पण येथे नटापेक्षा दिग्दर्शकाची समज खोल होती: पाचपन्नास शब्द मिळताच तो जीव हसतो, रडतो, आणि शेवटी स्वतःविषयी निर्णय करतो. पुढच्या, १९३९ च्या चित्रपटात त्याला पुन्हा मुका करून टाकले. १९५७ साली इंग्लंडात हॅमर कंपनीने हे कथानक रंगीत करून हाती घेतले तेव्हा कॅमेरा व्हिक्टरच्या, म्हणजे पीटर कशिंगच्या, मागे गेला. ख्रिस्तोफर लीच्या वाट्यास पट्ट्या आणि जखमा तेवढ्या आल्या. त्याविषयी अधिक लिहिण्याजोगे काही नाही.

कादंबरीचे खरे वारस शोधावयाचे तर दुसरीकडे जावे लागते. व्हिक्टर एरिसे ह्या स्पॅनिश दिग्दर्शकाच्या १९७३ च्या ‘द स्पिरिट ऑफ द बीहाइव्ह’मध्ये, यादवी युद्धानंतरच्या १९४० सालच्या एका खेड्यात व्हेलचा चित्रपट येतो आणि आना नावाची चिमुरडी तो पाहते. त्याने त्या मुलीला का मारले, आणि लोकांनी त्याला का मारले, एवढेच तिला समजून घ्यावयाचे आहे. तिला धड उत्तर देणारे कोणी नाही. घरातली माणसेही एकमेकांशी फारशी बोलत नाहीत. मुक्या देशात मुका राक्षस तिला आपला वाटतो. १९८२ च्या रिडले स्कॉटच्या ‘ब्लेड रनर’मध्ये तर फ्रँकेन्स्टाइनचे नावही नाही. पण तेथला कृत्रिम मानव रॉय आपल्या निर्मात्याकडे जातो, आयुष्य मागतो, नकार मिळताच त्याचे डोळे चिरडून त्याला ठार करतो, आणि अखेरीस पावसात बसून आपण काय काय पाहिले ते सांगत मरतो. हिमनदीवर डोळ्यांवर हळूच धरलेल्या हातांचे हे भीषण रूपांतर होय. १९९४ च्या केनेथ ब्रानाच्या चित्रपटात रॉबर्ट डी नीरो बोलतो खरा, पण भोवतालचा गलका इतका की, त्याचे ऐकू येणे कठीण.

गिलेर्मो देल तोरोचा २०२५ चा ‘फ्रँकेन्स्टाइन’ ह्या बाबतीत सर्वांत निष्ठावंत म्हटला पाहिजे. चित्रपटाचे सरळ दोन भाग आहेत, एक व्हिक्टरचा आणि दुसरा त्या जीवाचा. जहाजावर येऊन तो आपली बाजू स्वमुखाने मांडतो. आंधळा वृद्धही आहे, पुस्तकेही आहेत. दोनशे वर्षांनी त्याची वाचा अशी परत आली, ह्याचा आनंद व्हावा. मात्र दोन गोष्टी खटकतात. कादंबरीतल्या खुनांचा भार त्याच्या शिरावरून पुष्कळसा उतरविला आहे. एलिझाबेथ येथे व्हिक्टरच्याच गोळीने मरते. आणि जेकब एलॉर्डी ह्या नटाचा चेहरा टाक्यांच्या खुणांखालीही देखणाच राहतो. अशा देखण्या, जवळजवळ निष्पाप माणसाचे बोलणे कोण ऐकणार नाही? चित्रपटाच्या शेवटी व्हिक्टर क्षमा मागतो, ती मिळते, आणि प्रेक्षक हलक्या मनाने घरी जातो.

कादंबरीतल्या वॉल्टनला अशी सुटका नाही. व्हिक्टरचे शव पुढ्यात आहे, त्याने बजावलेले शब्द कानांत आहेत, आणि समोर तो उभा राहून बोलतो आहे. वॉल्टनला एकदा त्याची दया येते, एकदा संताप येतो. पुन्हा मान वर करून त्याच्या तोंडाकडे पाहण्याचे धैर्य त्याला होत नाही. बोलणे संपवून तो खिडकीतून हिमखंडावर उडी घेतो, आणि वॉल्टन त्याला अंधारात दिसेनासा होईपर्यंत पाहत राहतो.