सात कामांची बाई

पेणजवळच्या आमच्या जोह्यात एका गणपतीला किती हात लागतात, ते बाहेरच्या माणसाला ठाऊक नसते. एकजण मूर्ती साच्यातून काढतो, दुसरा सांधे मिटवून घासतो, तिसरा अंगाचा रंग देतो आणि सर्वांत शेवटी डोळ्यांची आखणी करणारा येतो. नाव होते ते त्याचे. पण बहुतेक कारखान्यांत एखादी बाई अशी असतेच, की यांतले कोणतेही काम अडले की ती पदर खोचून तिथे बसते. कुठल्याही एका कामात तिचा पहिला नंबर नसतो. मात्र ती एक दिवस आली नाही, तर कारखाना लंगडतो.

दिवाळी अंकातला टीकालेख म्हणजे कादंबरीवर किंवा नाटकावर असायचा, हा रिवाज मला माहीत आहे. मी स्वतः कादंबऱ्या लिहितो, तेव्हा त्या वाटेला गेलो असतो तर एकदोन हिशेबही चुकते करता आले असते! पण या वर्षी परीक्षणाला घेतली आहे ती एका खेळाडूची कारकीर्द. जे. जे. शोभा हे तिचे नाव. धारवाड जिल्ह्यातल्या पशुपतिहाळ गावची ही मुलगी. धारवाड 1956 पर्यंत आपल्याच मुंबई इलाख्यात होते, आणि जी. ए. कुलकर्णींमुळे मराठी वाचकाला ते आजही परके वाटत नाही. तिथले गाणे आपण ऐकतो, तिथला पेढा खातो. तिथली धावणारी मुलगी मात्र आपल्या कानावर आली नाही.

शोभाचा खेळ हेप्टॅथलॉन. पहिल्या दिवशी शंभर मीटर अडथळ्यांची शर्यत, उंच उडी, गोळाफेक आणि दोनशे मीटर. दुसऱ्या दिवशी लांब उडी, भालाफेक आणि शेवटी, अंगात काही उरले नसताना, आठशे मीटर. प्रत्येक खेळाला ठरलेल्या कोष्टकाप्रमाणे गुण मिळतात आणि त्यांची बेरीज होते. 1984 पूर्वी ऑलिंपिकमध्ये बायकांसाठी पाचच खेळांची स्पर्धा होती.

आता हे कोष्टकच तपासून पाहू. उंच उडीत 1.82 मीटरला हजार गुण पुरे होतात. गोळ्याला तेवढेच गुण हवे असतील, तर तो 17.07 मीटर फेकावा लागतो. सात खेळांच्या बायकांत 1.82 ओलांडणाऱ्या पुष्कळ सापडतील, पण गोळा सतरा मीटरवर नेणारी विरळा. म्हणजे कोष्टकाचा कल उडी मारणाऱ्या, हलक्या पायाच्या बाईकडे आहे. सातही कामांना सारखा भाव, असे कागदावर दिसते; प्रत्यक्षात आखणीवाल्याची मजुरी इथेही जास्त!

शोभाविषयी जे लिहिले गेले, त्यात एक प्रसंग हमखास येतो. 2003 साली हैदराबादला आफ्रो-आशियाई खेळ झाले. तिचा घोटा दुखावला होता, तरी पट्टी बांधून ती आठशे मीटरला उतरली आणि तिने सुवर्णपदक घेतले. प्रसंग खरा आहे आणि रोमांचकही आहे. कादंबरीकार म्हणून सांगतो, असा प्रसंग हाती आला की लेखणी आवरत नाही. पण त्या पट्टीने बाकीची कारकीर्द झाकून टाकली, ही माझी तक्रार आहे. पुढे स्वप्ना बर्मनचेही तेच झाले. 2018 मध्ये जाकार्ताला तिने 6026 गुणांनी आशियाई सुवर्ण जिंकले. त्यानंतर तिच्या पायांची सहा-सहा बोटे, दुखऱ्या दाढेसाठी गालाला लावलेली पट्टी आणि सायकलरिक्षा ओढणारे वडील यांवर रकाने भरले. ती उंच उडीत कशी होती, हे किती जणांनी लिहिले? दुःख वाचायला सोपे असते. बेरीज वाचायला बसावे लागते.

तेव्हा बेरीजच वाचू. मार्च 2004 मध्ये दिल्लीत शोभाने 6211 गुण केले. तो राष्ट्रीय विक्रम ठरला, आणि चौदा वर्षांनी सुवर्ण जिंकणाऱ्या स्वप्नालाही तो गाठता आला नाही. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये अथेन्सच्या ऑलिंपिकमध्ये ती उतरली. तिथे स्वीडनची कॅरोलिना क्लुफ्ट 6952 गुणांनी पहिली आली. शोभाचे झाले 6172, क्रमांक अकरावा. अकरावा क्रमांक म्हटल्यावर आपल्याकडे कुणी पान उलटत नाही. पण तिच्या आयुष्यातल्या सर्वोत्तम कामगिरीपेक्षा हे गुण केवळ 39 ने कमी आहेत! एकोणचाळीस गुण म्हणजे लांब उडीत साधारण अर्धी वीत, किंवा आठशे मीटरला तीन सेकंदांच्या आतबाहेर. आणि ही तूट एका खेळातली नव्हे, सातांची मिळून. घरच्या मैदानावर विक्रम करणारे आणि मोठ्या दिवशी हातपाय गळणारे आपण पुष्कळ पाहिले. परक्या देशात, परक्या डोळ्यांसमोर, सातही कामे जवळजवळ तशीच उतरवणे, हे माझ्या मते हैदराबादच्या पट्टीपेक्षा थोर आहे.

दोषही सांगितला पाहिजे. आशियाई खेळांत 2002 ला बुसान आणि 2006 ला दोहा, दोन्ही ठिकाणी ती तिसरी आली; दोन्ही वेळी सोमा विश्वास तिच्या पुढे दुसरी होती, आणि दोन्ही वेळी शोभाची बेरीज सहा हजारांच्या आत राहिली. विक्रम जिच्या नावावर, तिने आशियाच्या मैदानावर त्याच्या जवळपास जायला हवे होते. दोह्याला पहिली आलेली ओल्गा रिपाकोवा पुढे तिहेरी उडीकडे वळली आणि 2012 साली लंडनला ऑलिंपिकचे सुवर्ण घेऊन गेली. एक काम निवडण्याचा शहाणपणा तो हाच, असे कुणी म्हणेल. शोभा सातांतच राहिली. 2008 ला बीजिंगमध्ये ती 5749 वर थांबली.

हा शहाणपणा मीही एकदा शिकवला होता, म्हणून एवढे लिहितो आहे. पाच वर्षांपूर्वी शाळेत सातवीतली एक मुलगी उंच उडी, गोळा आणि दोनशे मीटर, तिन्हींत दुसरी आली. मी गुरुजीपणाच्या भरात म्हणालो, "बाय, तीन डगरींवर पाय नको, एक काय ते धर." तिने उंच उडी धरली. तालुक्याला तिचा नंबर लागला नाही आणि खेळ तिथेच सुटला. आता ती एका कारखान्यात काम करते. घासायला, रंगाला, जिथे अडेल तिथे.

परवा तिला शोभाचे आकडे वाचून दाखवले. ती हातातला पॉलिशचा कागद न सोडता ऐकत होती. मग म्हणाली, "गुरुजी, गोळ्याचे सतरा मीटर म्हणजे कुठवर?" आम्ही दारापासून पावले टाकत निघालो. वाळत घातलेल्या मूर्तींच्या दोन रांगा ओलांडल्या, तिसरी ओलांडली, आणि चौदा मोजून होतात तो शेताचा बांध लागला. ती बांधावर चढली आणि पलीकडे उतरून पुढची पावले मोजू लागली.