सोडलेल्या जागा: पीटर ग्रीनची गिटार

१९६७ साली पीटर ग्रीनने लंडनमध्ये स्वतःचा बँड काढला आणि नाव दिलं ते ड्रमर मिक फ्लीटवुड आणि बेसवादक जॉन मॅकव्ही यांचं. मॅकव्ही तर तेव्हा बँडमध्ये आलाही नव्हता! मुख्य गायक आणि मुख्य गिटारवादक ग्रीन, पण ‘फ्लीटवुड मॅक’ या नावात तो कुठेच नाही. पुढे सत्तरच्या दशकात हे नाव जगभर गाजलं, तोवर तो केव्हाच बाहेर पडला होता.

याला विनय म्हणून सोडून देता येईल. मला त्यात त्याच्या वादनाचीच रीत दिसते.

१९६६मध्ये जॉन मेयॉलच्या ‘ब्लूजब्रेकर्स’मधून एरिक क्लॅप्टन गेला आणि त्याच्या जागी एकोणीस वर्षांचा ग्रीन आला. अशा वेळी कुणीही जास्त वेगाने, जास्त जोरात वाजवून स्वतःला सिद्ध करू पाहील. ग्रीनने ‘द सुपरनॅचरल’ वाजवलं. त्यात तो एक सूर धरतो, लांबवतो आणि पुढच्या सुराची घाई करत नाही. मींड ऐकत वाढलेल्या कानांना हे लगेच कळतं: दोन सुरांमधली वाटही संगीतच असते.

‘अल्बट्रॉस’मध्ये ही रीत साऱ्या बँडची होते. शब्द नाहीत, दिपवणारा सोलो नाही. ड्रम लाटेसारखे हलके येतात-जातात आणि ग्रीनच्या सोबतीला डॅनी कर्वनची दुसरी गिटार आहे. जानेवारी १९६९मध्ये ही धून ब्रिटनमध्ये पहिल्या क्रमांकावर होती. बँडचा म्होरक्या असूनही ग्रीन इथे कुणाच्या अंगावर येत नाही.

मे १९७०मध्ये त्याने बँड सोडला. एलएसडी, पैसे वाटून टाकण्याचा ध्यास, स्किझोफ्रेनिया, विजेचे झटके: ही कहाणी इतक्यांदा सांगितली गेली आहे, की ‘मॅन ऑफ द वर्ल्ड’सारखं गाणंही आपण आता तिच्यातूनच ऐकतो. दुखणं हेच जणू त्याच्या प्रतिभेचं मूळ. हा त्याच्यावर अन्याय आहे.

पुरावा त्याच्याच रेकॉर्डमध्ये आहे. १९७९च्या ‘इन द स्काइज’वर मुख्य गिटारचा बराच भाग स्नोवी व्हाइटने वाजवला आहे. अल्बम सुरेल आहे, पण इथेही ग्रीनने जागा सोडली आहे असं म्हणणं ही फसवणूक ठरेल. ‘अल्बट्रॉस’मधली जागा त्याने निवडलेली होती, त्यामागे ताबा होता. दहा वर्षांनंतरची जागा आजाराने रिकामी केलेली आहे. दोन्ही शांततांना एकच नाव देणारा रसिक कलावंतालाही ऐकत नाही आणि आजारी माणसालाही.

ग्रीनची लेस पॉल गिटार गॅरी मूरकडे गेली. १९९५मध्ये ‘ब्लूज फॉर ग्रीनी’ या अल्बममधून मूरने आपल्या गुरूला मनापासून दाद दिली. गिटार तीच, गाणीही ग्रीनच्या काळातली. तरी मूर जिथे सूर भरतो, तिथे ग्रीन थांबला असता असं वाटत राहतं.

२०२०च्या जुलैमध्ये ग्रीन गेला. त्याच्याविषयी हळहळण्याआधी एकदा ‘द सुपरनॅचरल’ लावा. त्यात हळहळण्यासारखं काहीच नाही. तिथे आपल्या कामावर पूर्ण हुकमत असलेला एक तरुण वाजवतो आहे.