गोरी देवी आणि भालदार

आमच्या बँकेच्या स्नेहसंमेलनात मी आजवर तीन नाटकांत कामं केली. तिन्हींत भूमिका एकच, भालदाराची. वाक्य एकही नाही. तेव्हा नटनट्यांवर टीका करण्याचा तुम्हाला अधिकार काय, असं कुणी विचारलं तर भाला दाखवण्यापलीकडे माझ्यापाशी उत्तर नाही. तरी मेग गेर्ट्स या बाईंविषयी लिहितोच. तुम्ही त्यांचं नाव ऐकलेलं नसणार. त्यांचं जुनं पुस्तक हाती पडेपर्यंत मीही ऐकलं नव्हतं.

बाई जर्मन नटी. १९१३ साली त्या हान्स शोम्बुर्क या शिकाऱ्याबरोबर आफ्रिकेतल्या टोगोत, म्हणजे तेव्हाच्या जर्मन वसाहतीत, सिनेमे काढायला गेल्या. शोम्बुर्कसाहेबांनी त्याआधी लायबेरियातून बुटके पाणघोडे जिवंत धरून आणले होते. पाणघोड्यांवरून नटनट्यांकडे येणं ही बढती की बदली, ते साहेबच जाणोत.

बेत दुहेरी होता. एकाच फेरीत साहसपटही काढायचे आणि तिथल्या लोकांच्या जगण्याचे माहितीपटही. साहसपटांपैकी एकात मेगबाई गोऱ्या देवी. जहाज फुटतं, गोरी मुलगी किनाऱ्याला लागते, गावकरी तिला देवी करून वाढवतात. मग एक गोरा शिकारी येतो आणि देवी देव्हारा सोडून त्याच्याबरोबर पळते! इतकी वर्षं ठेव सांभाळली, त्या बिचाऱ्यांना व्याज सोडाच, मुद्दलही नाही. आमच्या शाखेत असा व्यवहार कुणी पास करणार नाही. त्या काळच्या प्रेक्षकांनी मात्र केला असता, कारण सही गोऱ्या माणसाची होती.

बाईंचं खरं काम या सिनेमात नाहीच. ते आहे त्यांच्या पुस्तकात. पुस्तकाचं उपशीर्षक हेड ऑफिसच्या सर्क्युलरएवढं लांब आणि प्रस्तावना अर्थातच साहेबांची. पण आतली बाई देवी नाही. आगगाडी आताक्पामेला संपते, पुढे सामान हमालांच्या डोक्यावर. त्या टोगोतल्या बायकांकडे, त्यांच्या कामाकडे, पोराबाळांकडे डोळे उघडून बघतात. कुतूहल खरं आहे. बघण्याची जागा मात्र मालकाच्या ओसरीवरची, हेही तितकंच खरं. सामान डोक्यावर वाहणाऱ्यांना काय वाटलं, ते लिहायला कुणी हमाल लंडनला गेला नाही.

लंडन म्हटलं ते उगीच नव्हे. ऑगस्ट १९१४मध्ये युद्ध पेटलं आणि २६ तारखेला टोगोतले जर्मन शरणही आले. पुढच्याच वर्षी या जर्मन बाईंचं इंग्रजी पुस्तक लंडनमध्येच छापून निघालं. शत्रूकडची नटी, पण पुस्तक चालण्यासारखं! व्यापार तो व्यापार. मी कॉमर्सचा पदवीधर आहे, मला पटलं.

आता ताळेबंद. टोगोतल्या बन्जेली भागात मातीच्या उंच भट्ट्यांत लोखंड गाळत. १९८६ साली त्या विद्येवर ‘द ब्लूम्स ऑफ बन्जेली’ हा माहितीपट निघाला, तेव्हा त्यात १९१४ साली तिथेच टिपलेली दृश्यं कामी आली. बहात्तर वर्षांनी वटलेला चेक म्हणायचा! त्या भट्टीवाल्यांसमोर कॅमेरा ठेवला तेव्हा त्यांना कुणी संवाद दिले नव्हते, देव्हारा बांधला नव्हता. ते आपलं रोजचं काम करत होते.

म्हणून माझा निकाल असा. नटी म्हणून मेगबाई सामान्य कथेत अडकल्या. लेखिका म्हणून अजून वाचण्यासारख्या आहेत. पण सगळ्या व्यवहारात टिकाऊ अभिनय केला तो त्या भट्टीवाल्यांनी, अभिनय न करता. बाईंचं नाव पुस्तकाच्या पुठ्ठ्यावर तरी राहिलं. त्यांची नावं कुणी विचारून ठेवली असती, तर किती बरं झालं असतं.

यंदाही नाटक आहे. कार्यक्रमपत्रिकेत ‘भालदार’ या शब्दापुढे माझं नाव छापा, असं मी सेक्रेटरींना लेखी कळवलं आहे. पोचपावती अजून यायची आहे.