छायाग्रंथालये आणि मराठी समीक्षेची उपलब्धता

प्रकाशकांच्या अनुमतीवाचून ग्रंथ व शोधनिबंध विनामूल्य पुरविणाऱ्या संकेतस्थळांची, म्हणजेच छायाग्रंथालयांची, चर्चा बहुतांशी कायद्याच्या परिभाषेत होते. अलेक्झांड्रा एल्बाक्यान यांनी २०११ मध्ये सुरू केलेल्या 'साय-हब'विरुद्ध तीन विदेशी प्रकाशनसंस्थांनी २०२० मध्ये दिल्ली उच्च न्यायालयात दावा दाखल केला; २०२५ मध्ये न्यायालयाने हे संकेतस्थळ भारतात रोखण्याचा आदेश दिला. याच न्यायालयाने २०१६ मध्ये दिल्ली विद्यापीठातील छायाप्रतींच्या दाव्यात मात्र अध्यापनार्थ केलेल्या प्रतींना कायद्यातील अपवाद लागू मानला होता.

मराठीच्या अभ्यासकाची अडचण या दोन्ही निकालांच्या कक्षेबाहेरची आहे. पेण तालुक्यातील हमरापूरसारख्या गावी राहून एम.ए. करणाऱ्या विद्यार्थ्याला देरिदा वा फूको यांचे इंग्रजी भाषांतर क्षणात हाती येते. परंतु आवृत्ती संपलेला मराठी समीक्षाग्रंथ किंवा चार दशकांपूर्वीच्या वाङ्मयीन नियतकालिकाचा अंक हवा असल्यास त्याला बहुधा मुंबई-पुण्याची ग्रंथालये गाठावी लागतात. हमरापूर गणेशमूर्तींच्या कारखान्यांसाठी प्रसिद्ध आहे. साच्यातून असंख्य मूर्ती निघतात, पण मूळ मूर्ती घडल्यावाचून साचाच होत नाही. छायाग्रंथालयही आधी संगणकीय रूपात आलेल्या संहितेच्याच प्रती वाढविते.

याचा परिणाम समीक्षाव्यवहारावर होतो. जे सहज मिळते ते उद्धृत होते आणि जे उद्धृत होते तेच प्रमाण ठरते. मग प्रबंधातील सैद्धान्तिक प्रकरण पाश्चात्त्य नावांनी भरते आणि मराठीतील वादविवाद तळटीपेतही उरत नाहीत. मुक्त प्रवेशाने ज्ञानातील विषमता आपोआप मिटते, ही समजूत म्हणूनच अपुरी आहे. २०२५ पासून अमलात आलेल्या 'वन नेशन वन सबस्क्रिप्शन' योजनेत तीन वर्षांसाठी ६,००० कोटी रुपयांची तरतूद झाली. तीही प्रामुख्याने आंतरराष्ट्रीय प्रकाशकांच्या नियतकालिकांसाठी.

वस्तुतः मराठीला कायदेशीर मार्ग उपलब्ध आहे. मराठी विश्वकोश आणि साहित्य संस्कृती मंडळाची अनेक पुस्तके शासनाने विनामूल्य खुली केली आहेत. लेखकाच्या मृत्यूनंतर ६० वर्षांनी ग्रंथ स्वामित्वमुक्त होतो. १९५६ मध्ये निवर्तलेल्या मर्ढेकरांचे लेखन त्यामुळे २०१७ पासून सर्वांचे झाले आहे. उर्वरित समीक्षेसाठी लेखकांची व वारसांची संमती मिळवणे आणि जुन्या अंकांचे संगणकीकरण करणे, हे विद्यापीठांच्या मराठी विभागांचे काम आहे. ते झाल्यावाचून मुक्त प्रवेशाचा लाभ मराठी वाचकाला होईल, मराठी विचाराला नव्हे.