‘जिवंत’ एवढा एकच शब्द

‘इलियड’च्या सोळाव्या सर्गात ग्रीकांकडचा पॅट्रोक्लस आणि ट्रॉयच्या बाजूने लढणारा सार्पेडॉन आपापल्या रथांतून खाली उड्या टाकतात आणि एकमेकांवर धावून जातात. त्याच क्षणी होमर आपली नजर अलगद रणांगणावरून उचलतो आणि वर आकाशाकडे नेतो. तिथे झ्यूस हे सारे पाहतो आहे. तो हेराशी बोलतो, आणि तिची ओळख कवी दोनच शब्दांत करून देतो: बहीण आणि पत्नी. त्या दोन शब्दांपाशी आपण क्षणभर थांबू या. क्रोनसच्या पोटी जन्मलेली ही दोघे भावंडे आहेत आणि पतिपत्नीही आहेत. झ्यूस ज्याच्यासाठी कळवळतो आहे तो सार्पेडॉन मात्र हेराचा नव्हे, लिशियाच्या लाओडामिया या मानवी स्त्रीच्या पोटी झालेला त्याचा मुलगा आहे. म्हणजे सवतीच्या पोराचे दुःख नवरा बायकोपुढे उघडे करतो आहे, आणि ऐकणारी त्याची बहीणही आहे. एवढी गुंतागुंत दोन शब्दांत मावलेली पाहून मन थक्क होते.

झ्यूस आज्ञा करत नाही. आपले मन दुभंगले आहे, असे तो सांगतो. मर्त्यांमध्ये सर्वांत लाडका असलेला हा मुलगा आज पॅट्रोक्लसच्या हातून मरणार हे ठरलेलेच आहे. तरीही त्याला जिवंत उचलून लिशियाच्या सुपीक भूमीवर नेऊन ठेवावे का, असा विचार त्याच्या मनात घोळतो. या वाक्यातला ‘जिवंत’ हा शब्द आपण जपून ठेवू या. पुढे त्याचेच मोल कळणार आहे.

हेराच्या उत्तरात मत्सर शोधायला गेले तर हाती काही लागत नाही. तुला हवे तर कर, ती म्हणते, पण आम्हा सगळ्या देवांना ते पटणार नाही. प्रायमच्या नगराभोवती अमरांचे कितीतरी पुत्र लढत आहेत, मग प्रत्येकजण आपापले लेकरू सोडवून नेऊ पाहील. एका बापाच्या वेदनेसमोर ती इतर सर्व आईबापांची वेदना मांडते. आणि लगेच तिचा स्वर मऊ होतो. त्याला मरू दे, पण नंतर मृत्यू आणि गोड निद्रा या दोघांना पाठव. ते त्याला लिशियाला नेतील आणि तिथे त्याचे भाऊ, त्याचे आप्त त्याला माती देतील, समाधी बांधतील, शिळा उभारतील. हीच हेरा दोन सर्गांपूर्वी लेम्नॉसला जाऊन याच निद्रेच्या देवाला आमिष दाखवून आली होती, झ्यूसचे डोळे मिटवण्यासाठी. तेव्हा ज्याला कपटासाठी कामाला लावले, त्याचेच नाव आज ती सांत्वनासाठी घेते.

झ्यूस ऐकतो. आणि इथे कवी त्याला नावाने संबोधत नाही, ‘देवांचा आणि माणसांचा पिता’ म्हणतो. हे विशेषण महाकाव्यात ठिकठिकाणी विखुरलेले आहे, छंदाच्या सोयीनेही येते. पण नेमके इथे, सगळ्या विश्वाचा पिता स्वतःच्या एका मुलाला वाचवू शकत नाही त्या ओळीत ते आले की काळजात कळ उठते. मग तो पृथ्वीवर रक्ताचे थेंब पाडतो. दुसरे काय करणार?

मागे पाचव्या सर्गात याच सार्पेडॉनवर हेराक्लिसचा मुलगा ट्लेपोलेमस चालून आला होता. हेराक्लिस झ्यूसचाच, तेव्हा हे दोघे सावत्र नात्याने चुलते-पुतणे. आणि पुतण्या चुलत्याला, तू झ्यूसचा मुलगा नव्हेसच, असे हिणवतो. पुतण्या मरतो, चुलत्याच्या मांडीत भाला रुततो. बापाने ‘अजून’ मृत्यूला दूर ठेवले होते, असे होमर तिथे म्हणतो. त्या ‘अजून’मध्येच सोळावा सर्ग दबा धरून बसलेला आहे. आपल्या मराठीला नात्यांची नावे भरपूर आहेत, म्हणून हे सारे वाचताना मला एक वेगळेच सुख मिळते. मरताना सार्पेडॉन ज्याला हाक मारतो तो ग्लॉकस त्याचा मामेभाऊ आहे. दोघेही बेलेरोफॉनचे नातू, एक मुलीचा, एक मुलाचा.

ओक वा पाइन वृक्ष जहाजासाठी सुतारांनी तोडावा तसा सार्पेडॉन कोसळतो. त्याच्या प्रेतावर एवढी झुंबड उडते की रक्ताने, धुळीने, शस्त्रांनी डोक्यापासून पायापर्यंत झाकलेला तो जाणत्या माणसालाही ओळखू येऊ नये. वसंतात गोठ्यातल्या दुधाच्या भांड्यांभोवती माशा घोंगावतात, तसे योद्धे त्याच्याभोवती घोंगावतात. दूध, वसंत, गोठा! मृत्यूच्या मधोमध कवीने हे घर कुठून आणले असेल? आणि या साऱ्या वेळात झ्यूसची नजर तिथून हलत नाही. मग तो दुसऱ्या मुलाला, अपोलोला पाठवतो. अपोलो इडा पर्वतावरून उतरतो, सावत्र भावाला बाणभाल्यांच्या गर्दीतून दूर नेतो, नदीच्या पाण्याने स्नान घालतो, अमृताचा लेप देतो, अविनाशी वस्त्रे नेसवतो. भावाने भावाचे करायचे ते सारे.

इसवी सनपूर्व 515च्या सुमारास अथेन्सच्या युफ्रोनिओसने मद्य आणि पाणी मिसळण्याच्या मोठ्या पात्रावर हेच दृश्य चितारले. चिलखत घातलेले, पंख असलेले निद्रा आणि मृत्यू वाकून तो भलामोठा देह उचलत आहेत, जखमांतून रक्ताच्या धारा गळत आहेत, आणि मध्ये हर्मीस उभा आहे. होमरच्या प्रसंगात हर्मीस नाही. पण तोही झ्यूसचाच मुलगा, म्हणून चित्रकाराने आणखी एक भाऊ बोलावून घेतला, असे मला वाटते. 1972मध्ये न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन संग्रहालयाने विकत घेतलेले ते पात्र 2008मध्ये इटलीला परतले. आज ते चेर्वेतेरीत आहे, ज्या परिसरातल्या थडग्यातून ते चोरीला गेले होते तिथेच.

आता तो जपून ठेवलेला शब्द काढू या. निद्रा आणि मृत्यू, ही जुळी भावंडे, सार्पेडॉनला झपाट्याने नेतात आणि लिशियाच्या सुपीक भूमीवर ठेवतात. भूमी तीच, ‘ठेवणे’ हे क्रियापदही तेच, जे झ्यूसने हेरापुढे मन उघडे करताना उच्चारले होते. बापाची इच्छा जवळजवळ शब्दशः पुरी झाली आहे. ‘जिवंत’ एवढा एकच शब्द गळाला आहे. लिशियातले भाऊ, घरी ठेवून आलेली बायको, तान्हा मुलगा, यांपैकी कोणीही कवी आपल्याला दाखवत नाही. पुढच्याच ओळीत पॅट्रोक्लस घोड्यांना हाक देतो आणि ट्रॉयकडे धावत सुटतो.